तीस वर्षं पडद्यावर दिसले, त्याचा कागद कुठे आहे?

६ जानेवारी २०२४. बाळशास्त्री जांभेकरांनी १८३२ मध्ये याच तारखेला ‘दर्पण’ सुरू केलं, म्हणून आपल्याकडे हा पत्रकार दिन. नाशिकमधल्या एका कार्यक्रमात हार-नारळ झाले, भाषणं झाली. नंतर चहाच्या टेबलापाशी एका जुन्या सहकाऱ्यानं विचारलं, “ताई, जांभेकर सन्मान योजनेचा फॉर्म भरला की नाही? साठी झाली ना तुमची?”

साठी झाली होती. फॉर्म भरला नव्हता. खरं सांगायचं तर लाज वाटत होती. आयुष्यभर लोकांच्या पेन्शनच्या, अनुदानाच्या बातम्या केल्या आणि आता आपणच रांगेत उभं राहायचं? घरी विषय काढला तर नवरा म्हणाला, “लाज कसली? बुलेटिनला पन्नास रुपयांत वाचायचीस तेव्हा नाही वाटली ती?” मुद्दा बरोबर होता.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात सांगते. ‘आचार्य बाळशास्त्री जांभेकर ज्येष्ठ पत्रकार सन्मान योजना’ ही राज्य सरकारची योजना आहे. वयाची साठ वर्षं पूर्ण आणि पत्रकारितेतला तीस वर्षांचा अनुभव, या मुख्य अटी. आधी महिन्याला ११ हजार मिळत, पुढे ते २० हजार झाले. अर्ज जिल्हा माहिती कार्यालयात द्यायचा. अटी मधूनमधून बदलतात. त्यामुळे माझं ऐकून फॉर्म भरू नका, महाराष्ट्र शासनाच्या संकेतस्थळावरून ताजा शासन निर्णय उतरवून घ्या आणि दोनदा वाचा. मी एकदाच वाचला होता, ते पुढे भोवलं.

जानेवारीच्या तिसऱ्या आठवड्यात फॉर्म आणायला गेले. तिथले गृहस्थ सज्जन होते. माझ्याकडे जरा निरखून बघत म्हणाले, “मॅडम, तुम्ही त्या केबलच्या बातम्यांवाल्या ना? आमच्या आई तुमच्या साड्या बघायला बातम्या लावायच्या.” मला एकदम बरं वाटलं. मग त्यांनी शांतपणे सांगितलं, “ओळखतो हो आम्ही, पण ओळख फाइलला लावता येत नाही. वर्षवार तक्ता करा. प्रत्येक वर्षापुढे एक तरी कागद पाहिजे.”

आमची अडचण इथंच सुरू होते. वर्तमानपत्रातला माणूस कात्रणं काढतो, त्यावर तारीख असते, नाव असतं. टीव्हीवाल्याचं काय? बातमी साडेसातला गेली, आठला संपली. त्या कॅसेटवर दुसऱ्या दिवशी दुसरी बातमी. हजारो बातम्या केल्या असतील, हातात एक ओळ नाही.

मी सुरू केलं नोव्हेंबर १९९३ मध्ये, दिवाळीत. त्या काळी केबलवाले आपापल्या भागापुरतं अर्ध्या तासाचं स्थानिक बातमीपत्र दाखवायचे. आमचा स्टुडिओ पंचवटीत, एका दुकानाच्या वरची खोली. मागे निळा पडदा, पुढे टेबल, टेबलावर प्लॅस्टिकची फुलं. पंखा लावला की आवाज येतो म्हणून पंखा बंद, आणि दोन हॅलोजन तोंडावर. स्मिता पाटील दूरदर्शनवर जीन्सवरच साडी गुंडाळून बातम्या वाचायच्या म्हणतात. मी पंजाबी ड्रेसवर गुंडाळायचे, कारण वाचून झालं की लगेच सायकल काढून घर गाठायचं असायचं. टेलिप्रॉम्प्टर कसला, कॅमेऱ्याखाली पुठ्ठा धरून आमचा कॅमेरामन बापू उभा असायचा. एका हातानं पुठ्ठा आणि दुसऱ्यानं फोकस.

फेब्रुवारीत माळा काढला. व्हीएचएसच्या अकरा कॅसेट निघाल्या. त्यांतल्या सहांवर लेबल होतं ‘बातम्या – पुसू नये’. शालिमारजवळ लग्नाचं शूटिंग करणारा एक मुलगा अजून व्हीसीआर बाळगून आहे, त्याच्याकडे नेल्या. कॅसेटमागे अडीचशे रुपये, बुरशी साफ करायचे वेगळे शंभर. एक टीप: जुनी कॅसेट हौसेनं घरच्या व्हीसीआरमध्ये घालून बघू नका. टेपवर पांढरी बुरशी असेल तर ती हेडला लागते, मग त्याच्यावर लावलेली पुढची कॅसेटही खराब होते.

अकरांपैकी चार लागल्या. एकीवर भाच्याची मुंज. दुसरीवर क्रिकेटची मॅच, मधेच तीस सेकंद माझा आवाज, मग परत मॅच. तिसरीवर नुसता पाऊस, म्हणजे पडद्यावरचा. चौथीवर मात्र एक मिनिट चाळीस सेकंद सलग मी. १९९६ चा पावसाळा. सुरुवातीला फक्त निळा पडदा आणि फुलं. मग उजवीकडून एक हात फ्रेममध्ये येतो, मनगटात तांब्याचं कडं, आणि वाकडा झालेला माइक सरळ करून जातो. मग मी, “नमस्कार. गंगापूर धरणातून सोडण्यात आलेल्या पाण्यामुळे गोदावरीच्या पातळीत वाढ झाली असून...” पुढे दुतोंड्या मारुतीच्या कमरेपर्यंत पाणी. बाहेरच्यांसाठी सांगते, गोदाघाटावरचा हा मारुती म्हणजे आमची पूर मोजायची पट्टी. क्युसेकचा आकडा नाशिककराला नंतर कळतो, आधी तो विचारतो, “मारुतीच्या कुठपर्यंत आलंय?” मी तिथं ‘विसर्ग’ हा शब्द ‘विसर्गः’ असा लांबवलाय. अठ्ठावीस वर्षांनी स्वतःची चूक ऐकून दुकानातच हसायला आलं. तो मुलगा म्हणाला, “काकू, ह्या तुम्ही?” मग जरा वेळानं, “खरंच तुम्ही?”

कॅसेट हा स्वतंत्र पुरावा म्हणून किती धरतील याची खात्री कुणालाच देता येईना. मी तिचे फोटो काढले, तारखेची पट्टी दिसेल असे, आणि पेन ड्राइव्हसह जोडले. खरा उपयोग झाला तो वेगळ्याच कागदाचा. १९९५ च्या केबल कायद्यानुसार केबलचालकाला आपली नोंदणी मुख्य डाक कार्यालयात करावी लागायची. हो, पोस्टात! मी स्वतः त्यावर बातमी केली होती आणि साफ विसरले होते. आमचे केबलमालक आता नाहीत. त्यांच्या मुलाचं मोबाइलचं दुकान आहे. मी गेले तर म्हणाला, “आत्या, बाबांनी एक कागद फेकला नाही कधी.” पोटमाळ्यावरच्या ट्रंकेत पोस्टाची नोंदणी प्रमाणपत्रं, वर्षावर्षाची, आणि त्याखाली मानधनाची व्हाउचर्स. रुपये पन्नास फक्त, खाली माझी सही. १९९३ च्या दिवाळीचंही होतं. मी तिथंच दुकानातल्या स्टुलावर बसून रडले. मुलानं गुपचूप गार पाणी आणून ठेवलं.

मार्चमध्ये दुसरी भानगड निघाली, नावाची. शाळेच्या दाखल्यावर माहेरचं नाव. पडद्यावरही माहेरचंच, कारण १९९५ ला लग्न झालं तेव्हा मालक म्हणाले, “लोकांना हे नाव पाठ झालंय, बदलू नका.” आधार, पॅन, बँक सगळं सासरच्या नावानं. म्हणजे काम केलं एका बाईनं आणि पैसे मागतेय दुसरी. दोघी एकच आहेत हे सांगणारा कागद म्हणजे विवाह नोंदणी प्रमाणपत्र, आणि तेच आम्ही कधी केलं नव्हतं.

महापालिकेच्या विभागीय कार्यालयात एकोणतीस वर्षं जुन्या लग्नाची नोंदणी होते, घाबरू नका. नमुना ‘ड’चा अर्ज, त्यावर शंभर रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प, लग्नपत्रिका, लग्नाचा फोटो, दोघांचे वयाचे आणि राहण्याचे पुरावे, तीन साक्षीदार आणि लग्न लावणाऱ्या गुरुजींची सही. गुरुजी जाऊन बारा वर्षं झालेली. त्यांचे चिरंजीव रामकुंडावर असतात. त्यांच्या वह्यांमध्ये कुठल्या कुठल्या गावच्या यजमानांच्या सात-सात पिढ्यांची नामावळ सापडते, माझ्या लग्नाची नोंद मात्र नाही. त्यांनी वडिलांच्या मृत्यूच्या दाखल्याची प्रत दिली, मी प्रतिज्ञापत्र जोडलं, काम झालं. लग्नपत्रिका मात्र कुणाकडेच नव्हती. शेवटी सासूबाईंच्या पोथीत खूण म्हणून घातलेली मिळाली.

प्रतिज्ञापत्रावरून एक सांगून ठेवते. सरकारी कार्यालयात द्यायच्या प्रतिज्ञापत्राला आपल्या राज्यात मुद्रांक शुल्क माफ आहे, साध्या कागदावर चालतं. कोर्टाबाहेर एकानं मला स्टॅम्प पेपरशिवाय होणारच नाही असं ठासून सांगितलं आणि मी, एवढ्या बातम्या केलेली बाई, मुकाट्यानं घेऊन आले. नोटरीचे तीनशे वेगळे.

१६ मार्चला लोकसभेची आचारसंहिता लागली आणि बहुतेक टेबलांवरची माणसं निवडणुकीच्या कामाला गेली. माझंही काम वाढलं, कारण तेव्हा मी एका वाहिनीसाठी बातम्या देतच होते. २० मेला नाशिकचं मतदान, ४ जूनला मोजणी. अंबडच्या गोदामात मोजणीला गेले तेव्हा गळ्यातल्या पासकडे बघून डोक्यात लख्ख उजेड पडला. हे पास! निवडणूक आयोगाच्या नावानं मिळणारं मतमोजणीचं प्रवेशपत्र, त्यावर नाव, फोटो, वाहिनी, वर्ष, सही-शिक्का. घरी आल्यावर देवघराखालचा कप्पा उपसला. १९९९ पासूनचे नऊ निघाले, शिवाय २००३ आणि २०१५ च्या सिंहस्थ कुंभमेळ्याचे. मुदत संपलेली अधिस्वीकृती कार्डं, म्हणजे सरकारनं दिलेली पत्रकाराची ओळखपत्रंही तिथंच होती, रबर लावून ठेवलेली. माझ्या एका मैत्रिणीनं असली सगळी कार्डं लॅमिनेशनसकट होळीत टाकली होती. टाकू नका. एकही टाकू नका.

२००३ चा पास हातात घेतल्यावर मात्र पुढचं आवरता येईना. २७ ऑगस्टला पर्वणीच्या दिवशी चेंगराचेंगरी झाली, तेव्हा मी तिथून दोन गल्ल्या पलीकडे होते. पोचले तेव्हा रस्त्यावर चपलांचा खच. बापूनं कॅमेरा चालू ठेवला आणि मी बोलायचं ते सगळं विसरले. पीटूसी, म्हणजे कॅमेऱ्याकडे बघून बोलायचा तुकडा, सहा वेळा केला. ती कॅसेट नाशिकच्याच द्वारका चौकात मुंबईच्या टॅक्सीत एका अनोळखी माणसाच्या हातात दिली. त्या काळी असंच चालायचं, एक तर टॅक्सी, नाही तर सकाळची पंचवटी एक्स्प्रेस, पाकिटावर बोगीचा नंबर लिहायचा आणि फोन करून सांगायचं. कॅसेट पोचायची. परत कधी यायची नाही. त्या दिवसाचं माझ्याकडे काय आहे? एक पास, त्यावर घामानं फुटलेली शाई.

२००० नंतरचा काळ मराठी उपग्रह वाहिन्यांचा. ई टीव्ही मराठी त्याच वर्षी आलं. २००७ मध्ये झी २४ तास आणि स्टार माझा सुरू झाल्यावर चोवीस तास बातम्यांचं दुकान उघडलं आणि फोन रात्रीसुद्धा वाजायला लागला. मी कायम स्ट्रिंगर. बातमीमागे पैसे, नेमणूकपत्र नाही, पीएफ नाही. ज्या वाहिनीसाठी सर्वांत जास्त वर्षं काम केलं तिनं २०२० च्या टाळेबंदीत एका फोनवर थांबवलं. आता अनुभवपत्र मागितलं तर चार मेल, अकरा फोन, एकच उत्तर, “त्या काळचं रेकॉर्ड आमच्याकडे नाही.” मी सांगितलं, रोज तुमच्या पडद्यावर होते. तिकडची मुलगी म्हणाली, “मॅम, एम्प्लॉयी कोड?”

इथं वाचवलं ते आयकरानं. आमच्या मानधनातून टीडीएस कापला जायचा, तेव्हा मी कुरकुरायचे. आयकराच्या पोर्टलवर ‘२६ एएस’ नावाचा तक्ता मिळतो, २००८-०९ पासूनचा. कुणी, कोणत्या तिमाहीत, किती पैसे दिले आणि किती कर कापला, सगळं कंपनीच्या नावासकट. ज्यांनी मला ओळखलं नाही त्यांनीच दर तीन महिन्यांनी सरकारला माझं नाव कळवलं होतं. नोकरीत असलेल्यांनी हेच ईपीएफच्या पासबुकातून काढावं. २००० ते २००८ साठी बँकेची जुनी पासबुकं, आणि त्या काळच्या ब्युरो प्रमुखांनी स्वतःच्या हातानं लिहिलेलं दोन पानी पत्र. सर आता सत्तरीत आहेत. त्यांनी पत्रात लिहिलं की २०१८ च्या ६ मार्चला सीबीएस चौकातून शेतकऱ्यांचा लाँग मार्च निघाला तेव्हा ही विल्होळीपर्यंत चालत बातमी देत होती. पायाला फोड आले होते हे लिहायची गरज नव्हती, पण लिहिलं.

८ जुलै २०२४ ला फाइल दिली. २१४ पानं, तीन प्रती, प्रत्येक पानावर स्वयंसाक्षांकन आणि क्रमांक, वर्षागणिक रंगीत चिठ्ठी. झेरॉक्सचे साधारण हजार रुपये झाले. दिल्यावर पोच घ्या, आवक क्रमांक आणि तारखेसकट. त्या क्रमांकाशिवाय पुढे काहीही विचारता येत नाही.

सप्टेंबरच्या पहिल्या आठवड्यात त्रुटीचं पत्र आलं. मी तक्त्यात १९९८ चे आठ महिने रिकामे सोडले होते, मुलगी झाली तेव्हाचे. २०२० चे दोन महिनेही. प्रामाणिकपणानं सोडले होते, पण बेरीज केली नव्हती. ३० जूनपर्यंतचा हिशेब एकोणतीस वर्षं साडेनऊ महिने. अडीच महिने कमी! दोनदा वाचा म्हटलं ते यासाठी. एका हितचिंतकानं सुचवलं, “ते आठ महिने भरून टाका, कोण बघतंय?” मोह झाला, नाही असं नाही. बाळंतपणातही मी घरून बातम्या लिहून द्यायचे, बापू सायकलवर येऊन कागद न्यायचा. पण त्याचं व्हाउचर नव्हतं. लेकीला फोन केला तर ती पुण्याहून म्हणाली, “म्हणजे माझ्यामुळे अडलं का गं?” मग दोघी हसलो.

उपाय सरळ होता. मी अजून काम करतच होते. ३० सप्टेंबरपर्यंत केलं, वाहिनीकडून त्या तारखेचं पत्र घेतलं, साडेतीन ओळींचं. तीस वर्षं आणि पंधरा दिवस. शेवटची बातमी काय होती तर रस्त्यातल्या खड्ड्यांची. ४ ऑक्टोबरला त्रुटीपूर्तता दिली. १५ ऑक्टोबरला विधानसभेची आचारसंहिता.

मग वाट बघणं, त्याबद्दल फार लिहिण्यासारखं नाही. महिन्यातून एक फोन करायचा, आवक क्रमांक सांगायचा, नमस्कार म्हणायचं. दिवसाआड फोन करून काही होत नाही, उलट समोरचा माणूस कंटाळतो. जूनमध्ये मंजुरीचं कळलं. केबलची वर्षं धरली होती. जुलै २०२५ मध्ये फोन वाजला आणि बँकेचा मेसेज होता. नवऱ्याला दाखवला. त्यानं चष्मा लावून दोनदा वाचला आणि विचारलं, “बापूचं काय?”

बापू माझ्यापेक्षा दोन वर्षांनी मोठा. कॅमेरामनलाही अर्ज करता येईल का, कोणत्या नावाखाली, ते आता विचारून घेतोय. त्याची अवस्था माझ्याहून वाईट. मी निदान दिसत तरी होते, तो कायम मागे. पैसे रोखीत, बँकेत नाही, त्यामुळे टीडीएसही नाही. सिंहस्थाचा पास आहे, पण त्यावर नाव चुकलंय. मालकांच्या ट्रंकेत त्याची व्हाउचर्स आहेत, १९९७ पासूनची. त्याआधी तो म्हणे सही न करताच पैसे घेऊन जायचा. दर रविवारी तो येतो, आम्ही माझ्या जुन्या तक्त्यावर खोडून त्याचा तक्ता करतो. तो चहा पितो आणि म्हणतो, “जाऊ द्या हो ताई, कोण देतंय.”

गेल्या रविवारी १९९६ पर्यंत आलो. त्या वर्षापुढच्या रकान्यात मी लिहिलंय: कॅसेट क्र. ४, सुरुवातीचे तीन सेकंद, उजवा हात. कडं अजून त्याच्या मनगटात आहे.